फेनोलियोची रजा

आदेमार फेनोलियोच्या रजेचा अर्ज मी आजवर सहा वेळा टाइप केला आहे. मजकूर तोच. 'मुलीला भेटायला व्हिगोला जायचे आहे, दोन महिन्यांची रजा मिळावी.' दर वेळी फक्त तारीख बदलायची. सहाही अर्जांवर मॅनेजर गास्ताल्दींनी एकच ओळ लिहिली आहे, 'नवीन सर्व्हर आल्यावर विचार करू.' नवीन सर्व्हर काही आला नाही. फेनोलियोची मुलगी यानिना स्पेनला गेली ती गेलीच. तिकडे तिचं लग्न झालं, तिला मुलगी झाली, ती मुलगी, उशिया, आता दहा वर्षांची आहे, आणि तिनं आपला आजोबा फक्त पडद्यावर पाहिला आहे.

मी देल्मिरा. कोलोनिया फेलिसाच्या सहकारी संस्थेत तक्रारीच्या खिडकीत बसते. बावीस वर्षं झाली. आमची संस्था गावाला वीज देते, टेलिफोन देते आणि इंटरनेटही देते. चार हजार वस्तीच्या गावात मोठ्या कंपन्यांना रस नव्हता, म्हणून आमच्या आज्यांनी-आजोबांनी वर्गणी काढून खांब रोवले, आणि आम्ही त्याच खांबांवरून पुढचं सगळं ओढलं. काही बंद पडलं की लोक मला फोन करतात. चालू असलं की करत नाहीत. 'देल्मिरा, आज नेट छान चाललंय हो,' असं सांगायला बावीस वर्षांत एका माणसानं फोन केलेला नाही. शिव्या मात्र मी तिन्ही पिढ्यांच्या खाल्ल्या आहेत.

त्या शिव्या जिथे पोहोचायला हव्यात तो माणूस म्हणजे फेनोलियो. उंच, काटकुळा, खांद्यात वाकलेला, संस्थेचा निळा डगला बाराही महिने अंगात. तो आला लाइनमन म्हणून. खांबावर चढायचा. नव्याण्णव साली संस्थेत पहिला संगणक आला तेव्हा त्याच्यासोबत आलेलं जाडजूड पुस्तक कुणीच उघडलं नाही, यानं ते दोनदा वाचलं. झालं! वाचणाऱ्याच्या गळ्यात घोंगडं पडतं हे त्याला तेव्हा कुठे माहीत होतं? तीन महिने त्याला रोसारिओला शिकायला पाठवलं, आणि परत आल्यावर तो खांबावरून उतरला तो कायमचाच. आता तो मागच्या खोलीत त्या सर्व्हरजवळ बसतो.

सर्व्हरवर त्यानं २००७ साली फ्रीबीएसडी नावाची ऑपरेटिंग सिस्टिम टाकली. फुकट मिळते, जगभरचे लोक मिळून बनवतात, आणि आतलं सगळं लिखाण कुणालाही वाचायला मोकळं असतं. फेनोलियोला याचं फार कौतुक होतं.

"बघ देल्मिरा, यात लपवाछपवी नाही. कुणीही उघडावं आणि वाचावं."

"उघडं आहे ते ठीक. पण वाचतंय कोण?" मी विचारलं होतं.

"मी."

गावाचं सगळं इंटरनेट त्या एका पेटीतून जातं. कुणाची वाट कुठून, कुणाला आत येऊ द्यायचं, कुणाला दारातच अडवायचं, कुणाची ई-मेलची पत्रं कुठे ठेवायची, हे सगळं तीच ठरवते. बनवणारे लोक पुढे जात जात तेराव्या आवृत्तीला पोहोचले. आमची सहावीच राहिली. सहावीची डागडुजी त्यांनी केव्हाच थांबवली. फेनोलियोनं त्यांना ई-मेलवर काही विचारलं की उत्तर यायचं, 'मित्रा, आधी नवी आवृत्ती टाक.' नवी टाकायची तर ही पेटी तिला पेलत नाही, नवी पेटी आणायची तर संचालक मंडळ म्हणतं, चालतंय ना, मग कशाला? म्हणजे जी भोकं बुजवायला जगात आता कुणी उरलं नव्हतं ती हा एकटा हातानं बुजवत बसायचा. रोज सकाळी साडेसहाला येऊन माते नावाचा कडू काढा पीत पीत रात्रभर कुणी कुणी दार ठोठावलं ते वाचायचा. मग पंख्यावरची धूळ पुसायची. मग डिस्कला कान लावायचा. पीठगिरणीतला माणूस जसा जात्याचा आवाज ऐकतो, तसा. सुट्टी घेतली तरी गावापासून चाळीस किलोमीटरच्या पुढे जायचा नाही, कारण त्याच्या पुढे मोबाइलला रेंज नाही.

२०१३ साली यानिनाचं बाळंतपण होतं. याचं आणि याच्या बायकोचं, नेल्बाचं, दोघांचं तिकीट काढलेलं होतं. नेल्बा एकटीच गेली. चार वर्षांपूर्वी ती वारली. त्या एकटीनं केलेल्या प्रवासाबद्दल ती नवऱ्याला कधी बोलली नाही, पण मला बोलली होती. ती काय म्हणाली ते मी इथे लिहिणार नाही.

अशी यंत्रं सांभाळणाऱ्या लोकांची एक खोड असते, ती सांगितली पाहिजे. आपलं यंत्र न थांबता किती दिवस चाललंय याचा ते हिशोब ठेवतात. आपापसात पत्रं लिहून कळवतातही. 'माझे दोन हजार दिवस झाले', 'माझे तीन हजार'. शेतकरी बैलजोडीचं सांगतो त्या तोऱ्यात. आमचं यंत्र २ नोव्हेंबर २०११ ला सुरू झालं ते थांबलंच नव्हतं. संस्थाच विजेची, त्यामुळे बॅटऱ्या आणि जनरेटर घरचे. गाव अंधारात बुडालं तरी मागच्या खोलीतला हिरवा दिवा विझत नसे. दर दोन नोव्हेंबरला फेनोलियो बेकरीतून गोड पाव आणायचा आणि आम्ही सगळे तो आकडा बघायला आत जायचो. हळूहळू गावालाही त्याचा अभिमान वाटायला लागला. न्हाव्याला तो आकडा पाठ होता. बंद करायचं म्हटलं की फेनोलियोच्या तोंडचं पाणी पळायचं, ते काही फक्त भीतीनं नव्हे.

या वर्षी फेब्रुवारीच्या वादळात मागच्या खोलीचं छप्पर खचलं. गवंड्यानं वर पाहिलं, खाली पाहिलं आणि सांगितलं, "हे हिवाळा काढायचं नाही. सामान हलवा." पटांगणापलीकडे नवी खोली तयार होती. अंतर दहा मीटर.

फेनोलियोनं पहिल्यांदा काय सुचवावं? बॅटरीसकट यंत्र हातगाडीवर ठेवून चालू असतानाच हलवायचं! त्यानं वायरसुद्धा मोजून ठेवली होती.

"आदेमार," गास्ताल्दी म्हणाले, "यंत्र आहे ते. सांता फेलिसाची मूर्ती नाही मिरवणुकीनं न्यायला."

मग त्याचं त्यालाच पटलं की फिरती डिस्क धक्क्यानं मरेल. पण थांबवलेली डिस्क पुन्हा फिरेल याचीही खात्री नव्हती. अकरा वर्षं अखंड फिरणारी डिस्क एकदा थांबली की तिथेच आखडते म्हणतात. दोन आठवडे तो याच एका काळजीत होता. डिस्कच्या दोन प्रती काढल्या. त्या दुसऱ्या जुन्या यंत्रावर लावून तपासल्या. मला म्हणाला, "हे नीट पार पडलं ना देल्मिरा, तर या वेळी तो नाही म्हणू शकणार नाही. तू सातवा अर्ज तयार ठेव."

"आणि नीट नाही पार पडलं तर?"

"तर मला इथेच पुरा. कुंपणाजवळ. म्हणजे रात्री-अपरात्री बोलवायला सोपं."

हलवायचा दिवस ठरला, १६ एप्रिल, रविवार. सकाळी सात ते नऊ नेट बंद राहील असं गावच्या रेडिओवर तीन दिवस सांगून झालं होतं. आम्ही चौघं होतो. फेनोलियो, मी, गास्ताल्दी आणि उचलायला एक लाइनमन. पडद्यावर आकडा होता ४१८३. फेनोलियोनं तो कागदावर उतरवून घेतला, हुकूम टाइप केला आणि बटणावर बोट ठेवून उभा राहिला, मग ते दाबलं. पंखा थांबला. त्या खोलीत इतकी वर्षं एक आवाज होता हे मला तो थांबल्यावर कळलं.

दहा मीटर न्यायला तीन मिनिटं लागली. नव्या खोलीत रंगाचा वास होता. वायरी लावल्या, बटण दाबलं. डिस्क एकदा कण्हली, दुसऱ्यांदा कण्हली, आणि फिरायला लागली. पडद्यावर ओळी धावल्या. लाइनमननं टाळ्या वाजवल्या. गास्ताल्दींनी फेनोलियोच्या पाठीवर थाप मारली, "बघ! उगाच जीव काढलास आमचा." फेनोलियो हसला. त्याला हसताना पाहून किती दिवस झाले होते हे मला आठवेना.

नऊ वाजून दहा मिनिटांनी माझ्या खिडकीवरचा फोन वाजला. मग वाजतच राहिला.

पश्चिमेकडच्या सगळ्या मळ्यांना नेट नाही. दवाखान्याचा नेटवरचा फोन बंद, त्यांना मी तात्पुरता साधा फोन वापरायला सांगितलं. शाळेला नेट आहे पण पत्रं येत नाहीत. दोन्या इर्मा म्हणून एक म्हातारी आहे, तिला फक्त नातवाचे फोटो दिसत नव्हते, बाकी सगळं दिसत होतं. "माझ्याच नातवाचं काय वाकडं आहे तुमच्याशी?" ती म्हणाली. मी एकेक तक्रार लिहून नव्या खोलीत नेत होते. पाचव्या खेपेला फेनोलियो एका उलट्या खोक्यावर बसलेला दिसला. हात गुडघ्यांवर, चेहरा पांढराफटक.

"देल्मिरा," तो म्हणाला, "मी ते लिहिलंच नव्हतं."

त्याचं म्हणणं असं होतं. चालू यंत्राला हुकूम दिला की तो तिथल्या तिथे लागू होतो, पण राहतो फक्त त्याच्या डोक्यात. यंत्र बंद झालं की डोकं कोरं. पुन्हा उठल्यावर ते फक्त सुरुवातीची फाइल वाचतं. म्हणून शहाणा माणूस हुकूम देतो आणि त्याच पावली तो फाइलमध्येही उतरवतो. फेनोलियो म्हणायचा, लोक खोळंबलेत, आत्ता चालू करतो, उद्या लिहितो. ज्यांची यंत्रं महिन्याला बंद पडतात त्यांना ही चूक परवडतच नाही, पहिल्याच महिन्यात कान पिळला जातो. आमचं यंत्र बंदच पडत नव्हतं, त्यामुळे तो उद्या अकरा वर्षं उगवला नाही. दोन दोन प्रती काढल्या त्या डिस्कच्या, आणि हे तर डिस्कवर कधी नव्हतंच. यंत्र शेवटचे शंभर हुकूम लक्षात ठेवतं म्हणे, पण ते सगळे गेल्या दोन आठवड्यांतले, नुसत्या तपासणीचे.

"मग आता आठव," गास्ताल्दी म्हणाले.

"आठवत नाही."

"आठवत नाही म्हणजे? अकरा वर्षं! एक ओळ लिहायला काय हात मोडला होता? आणि याला दोन महिने रजा हवी! दोन तास यंत्र बंद केलं तर गाव बसलं. दोन महिन्यांत तर आपल्याला गाव सोडून जावं लागेल."

फेनोलियोनं मान खाली घातली. त्याला ते पटलेलं दिसत होतं, आणि मला त्याचाच राग आला. मी गास्ताल्दींना म्हणाले, "साहेब, तुम्ही सहा अर्जांवर तीच तीच ओळ लिहिलीत. नवा सर्व्हर मागायची दुसरी एक ओळ लिहायला तुमचा हात मोडला होता का?" ते घरून एम्पानादाच्या करंज्या पाठवतो असं पुटपुटत निघून गेले.

मी खिडकीत परत आले. फोन वाजत होता, मी सवयीनं वही ओढली, तारीख घातली, वेळ घातली, आणि हात तसाच थांबला. काखेत कळसा आणि गावाला वळसा म्हणतात ते हेच. बावीस वर्षं मी प्रत्येक तक्रार वहीत लिहिते. कोण, कुठला, काय बिघडलं. आणि चालू झाल्यावर उलट फोन करून कळवायचं असतं, तेव्हा लोक हमखास विचारतात, 'पण झालं काय होतं?' त्यांना सांगता यावं म्हणून फेनोलियो जे सांगेल ते मी त्याच्याच शब्दांत खाली उतरवते. मला त्यातलं ओ की ठो कळत नाही. तरी लिहिते. शाळेच्या साध्या वह्या आहेत, २०११ पासूनच्या एकोणतीस.

आम्ही त्या वह्या नव्या खोलीत नेल्या. फोनवर लाइनमनला बसवलं. हाताला येईल ती वही मी वाचायची आणि फेनोलियोनं टाइप करायचं.

"१४ ऑगस्ट २०१४. जनावरांचे डॉक्टर ब्रुएरा. प्रयोगशाळेची पत्रं येत नाहीत. फेनोलियो म्हणतो, त्यांचा पत्ता अडवलेल्यांच्या यादीत बसला होता, तो वगळला."

"पत्ता लिहिलायस?"

"आकडे आहेत. चार आकडे, मध्ये टिंबं."

"देल्मिरा, तू देवमाणूस आहेस."

"मी देवमाणूस नाही, मी तक्रार खिडकी आहे. टाइप कर."

त्याची बोटं कीबोर्डवर गेली आणि थांबली. "ब्रुएरा गेला ना?"

"त्याच्या घरी दिवाणखान्यात बसून तूच उत्तरकार्याची कॉफी प्यायलास."

"मग हे कुणासाठी लिहू?"

तिथून त्या दिवसाचा रंग बदलला. मी वाचत गेले आणि आम्ही दोघं विचारत गेलो, हा आहे का, हा आहे का. उत्तरेकडची छोटी शाळा, तिच्यासाठी वेगळी वाट काढली होती. शाळा मोठ्या शाळेत मिळवून पाच वर्षं झाली. बसस्टँडवरचं इंटरनेटचं दुकान, तिथे आता चपला मिळतात. एका मळेवाल्याच्या जावयासाठी खास सूट होती, तो जावई आता जावई उरलेला नाही. अधूनमधून एखादं खरं निघायचं. पश्चिमेकडच्या मनोऱ्याची वाट निघाली, ती टाकली आणि फोनवरचा लाइनमन ओरडला, "मळे आले!" दवाखाना निघाला. दोन्या इर्माचा नातू निघाला. त्याचे फोटो जिथून येतात तो पत्ता फेनोलियोनं २०१९ मध्ये हातानं मोकळा केला होता आणि साफ विसरला होता.

दुपारी तीनच्या सुमाराला मी आणखी एक जुनी वही उघडली.

"९ फेब्रुवारी २०१३. चीजचा कारखाना. बाहेर पत्रं जात नाहीत. माल सीमेवर अडकलाय म्हणून मालक चार वेळा खिडकीत आले. फेनोलियो म्हणतो..."

"थांब," तो म्हणाला.

मी थांबले. तारीख मीही पुन्हा वाचली. त्या दिवशी त्याचं आणि नेल्बाचं विमान होतं. मला तो दिवस आठवत होता. नेल्बा संस्थेच्या फाटकाशी गाडीत बसून होती, आणि हा आत यंत्रासमोर.

"पुढे वाच," तो म्हणाला.

"फेनोलियो म्हणतो, एक दार उघडायचं राहिलं होतं."

"एवढंच?"

"एवढंच लिहिलंय."

"त्या दाराचा आकडा माझ्या लक्षात आहे," तो म्हणाला. "एक ओळ होती. टाइप करायला अर्धं मिनिट लागलं. शोधायला सहा तास. तोवर विमान गेलं." त्यानं चष्मा काढून डगल्याला पुसला. "नेल्बाला म्हणालो, तू हो पुढे, मी आठवड्यात येतो. मग दुसरं काहीतरी निघालं. मग तिसरं."

"टाकतोस ती ओळ? आकडा सांग, वहीत लिहून ठेवते."

"कशाला? कारखाना बंद पडून सहा वर्षं झाली."

मला रडू आलं. बावीस वर्षं मी त्या खिडकीत दगड होऊन बसते, पण त्या वेळी आलं. फेनोलियो रडला नाही. तो इतका थकलेला दिसत होता की रडण्याइतकं बळही त्याच्यात उरलं नसावं. त्यानं मातेचा पेला भरला, मला दिला, आणि म्हणाला, "पुढचं वाच."

संध्याकाळी सहाला शेवटची वही संपली. यंत्राच्या डोक्यात त्यानं अकरा वर्षांत घातलेल्या सदुसष्ट गोष्टी निघाल्या. त्यातल्या जिवंत माणसांच्या एकोणीस. बाकीची सगळी राखण मेलेल्यांची, बंद पडलेल्यांची आणि गाव सोडून गेलेल्यांची. एकोणीस ओळी त्यानं सुरुवातीच्या फाइलमध्ये लिहिल्या आणि प्रत्येकीपुढे ती कुणासाठी आहे ते साध्या भाषेत घातलं. मी सांगितलं म्हणून.

सोमवारी सकाळी दहाला त्यानं मला खोलीत बोलावलं.

"बस. हे टाइप कर."

"काय आहे हे?"

"यंत्र बंद होऊन पुन्हा चालू होईल."

गास्ताल्दी पटांगणातूनच धावत आले. "अरे, काल कुठे चालू झालंय! हात लावू नको त्याला!"

"साहेब, हात लावू नको, हात लावू नको करतच आपण इथवर आलो," फेनोलियो म्हणाला. "आज हे माझ्याशिवाय उठलं तर उठलं. नाही उठलं तर मी मरेपर्यंत इथेच आहे, तुम्ही निश्चिंत राहा." आणि तो बाहेर जाऊन पटांगणातल्या बाकावर बसला, खिडकीकडे पाठ करून.

मी टाइप केलं. एकेक अक्षर शोधून. पंखा थांबला.  गास्ताल्दी माझ्यामागे उभे होते, त्यांचा श्वास मला ऐकू येत होता. डिस्क कण्हली. ओळी धावायला लागल्या. शेवटी आमच्या एकोणीस ओळी एकामागून एक गेल्या, प्रत्येकीपुढे माणसांची नावं. चार मिनिटं लागली. आम्ही फोनकडे बघत राहिलो. फोन वाजला नाही. मी स्वतः दवाखान्याला फोन लावला, मग शाळेला, मग दोन्या इर्माला. ती म्हणाली, "दिसतोय की नातू. का? आता पुन्हा बंद करणार आहात का?"

मी बाहेर गेले.

"झालं?" त्यानं मागे न बघता विचारलं.

"झालं."

"कुणी काही...?"

"कुणाला कळलंही नाही."

तो मग म्हणाला, "म्हणजे मी केव्हाही जाऊ शकलो असतो. एक दिवस बसून लिहिलं असतं तर केव्हाही. नेल्बा असताना."

 खोटं बोलवेना. "हो," मी म्हणाले.

गास्ताल्दी दारात उभे होते. त्यांनी सगळं ऐकलं होतं. घसा खाकरून म्हणाले, "नवीन सर्व्हर आल्यावर..." आणि स्वतःच थांबले. मग म्हणाले, "पण आदेमार, मागे कोण बघणार?"

"देल्मिरा."

"देल्मिरा? ती तक्रारी घेते."

"तक्रारी मीच घेते ना?" मी म्हणाले. "मग निस्तरेन पण मीच. नाही जमलं तर लोक मलाच शिव्या देतील. त्यात नवीन काय?"

त्यानं माझ्या खिडकीतल्या फोनवरून व्हिगोचा नंबर लावला. आमच्याकडे सव्वाबारा झाले होते, तिकडे संध्याकाळचे सव्वापाच. तो फोन जुना आहे, पलीकडचं शेजारच्यालाही ऐकू येतं.

"यानिना, मी येतोय."

 पलीकडून ती हळू आवाजात म्हणाली, "पापा, हे तू मागे दोनदा म्हणाला होतास."

"या वेळी खरंच."

"तेव्हाही खरंच होतं. तिकीट काढल्याशिवाय बोलू नकोस. उशिया इथेच अभ्यास करतेय. तिला ऐकू जाईल."

फेनोलियोनं रिसीव्हर घट्ट धरला. "मग आत्ता तिला सांगू नकोस," तो म्हणाला. "पंधरा मिनिटांनी पुन्हा करतो. तेव्हा सांग."

फोन ठेवून त्यानं घड्याळ पाहिलं. बारा वाजून बावीस मिनिटं. तिकिटांचं ऑफिस चौकापलीकडे, आणि गावातलं झाडून सगळं साडेबाराला जेवायला-झोपायला बंद होतं ते थेट साडेचारला उघडतं.

"साडेचारला जा की," मी म्हणाले. "आता कुठे पोचतोयस?"

"साडेचारपर्यंत काहीतरी निघेल," तो म्हणाला, आणि निळ्या डगल्यासकट बाहेर पडला.

त्रेसष्ट वर्षांचा माणूस. आधी भरभर चालला, मग चौकाच्या कोपऱ्यावर धावायलाच लागला. डगला उडतोय, हात कुठेतरी, पाय कुठेतरी. त्याला धावताना या गावानं कधी पाहिलं नव्हतं. तो अजून चौकातल्या पुतळ्यापाशीही पोहोचला नसेल, तेवढ्यात माझा फोन वाजला. न्हावी होता. मग बेकरीवाली. मग दोन्या इर्मा. तिघांच्याही आवाजात तीच धास्ती.

"देल्मिरा, फेनोलियो धावतोय! नेट गेलं का?"

"नाही," मी म्हणाले. "नेट चालू आहे."